बायजाची खांड

हसुराम घरतांवर गोळी कोणी झाडली, हे शोधायला पोलिसांना काडीचेही कष्ट पडले नाहीत. अख्ख्या खारकोंड गावानं, व्यासपीठावर बसलेल्या मंत्र्यांनी आणि वाहिन्यांच्या कॅमेऱ्यांनी ते डोळ्यांदेखत पाहिलं होतं. पासष्टीतला चांगदेव भोईर मंडपाच्या कडेकडेनं चालत आला, त्यानं खांद्यावरची ठासणीची बंदूक उतरवली, नेम धरला आणि हार घालून घ्यायला मान वाकवलेल्या आमदारांवर बार काढला. धूर विरला तेव्हा हसूशेठ खुर्च्यांमध्ये आडवे झाले होते. चांगदेव मात्र मंडपाच्या खांबाला टेकून खाली बसला होता. बंदूक मांडीवर आडवी, नजर खाडीकडे. तो पळाला नाही की ओरडला नाही. लोक मारायला धावले तेव्हा डोक्यावर हातसुद्धा घेतला नाही त्यानं.

तेव्हा कोण हा प्रश्न नव्हताच. का, एवढाच होता.

हसूशेठ त्या भागाचे जुने आमदार. लोक त्यांना 'बांधाचा वाघ' म्हणत. धरमतरच्या खाडीकाठचा खारकोंडचा बांध ऐन उधाणात फुटला, तेव्हा विशीतला हसुराम फुटल्या जागी स्वतः आडवा पडला, समुद्र अडवला आणि गाव वाचवलं, ही गोष्ट आसपासच्या शाळांतल्या पोरापोरींना पाठ होती. त्याच जागी आता कार्यकर्त्यांनी स्मारक उभारलं होतं. सिमेंटच्या निळ्या लाटा, त्यांत छातीनं आडवा पडलेला तरुण आणि खाली सोनेरी अक्षरांत 'बांधवीर हसुराम घरत'. त्याच्या उद्घाटनाच्या दिवशी हे झालं.

आणि चांगदेव कोण? तर हसूशेठचा लंगोटीयार. प्रत्येक निवडणुकीत गावच्या मतदान केंद्रावर त्यांच्या वतीनं बसणारा. त्या सकाळी तो पहिल्या रांगेत होता, शाल-श्रीफळ घेतलेला. भाषण अर्ध्यावर असताना उठला, घरी गेला, शाल खुंटीला अडकवली आणि बंदूक घेऊन परत आला. डुकरांपासून भात राखायला बापाच्या वेळेपासून घरात असलेली, परवान्याची बंदूक. निवडणुकीपुरती ठाण्यात जमा होती, निकाल लागल्यावर रीतसर परत मिळालेली.

तपास अलिबागच्या गुन्हे शाखेतल्या निरीक्षक निवेदिता आगाशे यांच्याकडे आला. निवेदिता नागावची, नारळी-पोफळीच्या वाडीत वाढलेली. समोरच्याला बोलू द्यायची तिची सवय वरिष्ठांना कधी आवडे, कधी नावडे.

"हे बघा मॅडम," अधीक्षक फोनवर म्हणाले, "खेड्यातला म्हातारा उठून आमदारावर गोळी झाडतो, तो कुणाच्या तरी सांगण्यावरून. मला तो कुणीतरी पाहिजे. वरून सारखी विचारणा होतेय."

तिचा सहकारी उपनिरीक्षक स्वप्निल ठोंबरे तर 'कुणीतरी' घेऊनच आला होता. चांगदेवचा मुलगा परेश. त्याचे दोन ट्रेलर न्हावा शेव्याला कंटेनर वाहतात. गेल्या वर्षी खारकोंडच्या यार्डातलं त्याचं काम गेलं आणि ते आमदारांच्या भाच्याला मिळालं.

"बापानं पोरासाठी सूड घेतला, मॅडम. आणि त्याच्यामागे विरोधी गट. सरळ आहे."

सरळ नव्हतं. परेश ठाण्यात आला तो रडवेला. "मॅडम, काम गेलं ते खरं, पण महिन्याभरात हसूकाकांनीच मला दुसऱ्या यार्डात लावून दिलं. पप्पांना त्यातलं काही ठाऊकच नाय. मी घरी धंद्याचं बोलतच नाय." त्यानं सांगितलेलं सगळं खरं निघालं. विरोधी गटाच्या एकाही माणसाशी चांगदेवचा उभ्या जन्मात संबंध आला नव्हता. त्यांच्या सभेला तो चुकूनसुद्धा फिरकला नव्हता.

आणि चांगदेव स्वतः? तो कोठडीत भिंतीला पाठ लावून बसलेला असे. निवेदिता समोर खुर्ची घेऊन बसली की आदबीनं पाय जवळ घेई.

"काका, का मारलीत गोळी?"

"मारली ना बाय. मी कवा न्हाय बोललो?"

"पण का?"

तो भलतंच काहीतरी काढी. "तुमी मिठागर बघितलंय का कवा? चालू मिठागर?"

निवेदितानं लहानपणी लांबून पाहिलं होतं, एसटीच्या खिडकीतून. पांढरे ढीग, त्यांवर झाकलेला पेंढा.

"लांबून काय कळतंय," तो म्हणाला. "पौषात खाडीचा पानी वाफ्यात घ्यायचा. मंग ऊन खाऊ द्यायचा त्याला. एक दिवस सकाळी बघावं तर वर साय धरलेली. दुधावर धरते तशी, पन मिठाची. तिला आवाज असतो बाय. बारीक, तडतड असा. आमी तिघं वाफ्याच्या काठाला कान लावून पडायचो. ज्याला पयला ऐकू येल त्यानं मीठ गोला कराया पयली फळी ओढायची. वाऱ्याला एक गार खारट वास. पायाला मीठ चिरायचं, रात्री आये तेल लावायची. तरी सकाळी पलत जायचो."

बोलताना त्याचा चेहरा असा काही उजळला की निवेदिताला लिहून घ्यायचं भान राहिलं नाही. आता त्या मिठागरावर भराव होता. भरावावर एकावर एक कंटेनर चढवले होते, लाल, निळे, करडे.

"तिघं म्हणजे कोण कोण?" तिनं विचारलं.

चांगदेवनं तिच्याकडे पाहिलं आणि तोंड मिटून घेतलं. 

दुसरा धागा आमदारांच्या कार्यालयात मिळाला. तिथल्या स्वीय सहायकानं आठवून आठवून सांगितलं, की हा चांगदेव हल्ली तीनदा येऊन बसला होता. "स्मारकाबद्दल काहीतरी म्हणत होता. नाव घाला, नाव घाला असं. स्वतःचं नाव घालून हवं असेल. म्हटलं, सगळ्यांनाच हौस."

स्वप्निल खूश झाला. "मान-अपमान, मॅडम! फलकावर नाव नाही म्हणून गोळी." निवेदितानं हे जसंच्या तसं चांगदेवला विचारलं. तो पहिल्यांदाच हसला. "माजा नाव? माजा नाव कयाला पायजे तिथं? मी तर काठावर व्हतो."

त्या शनिवारी ती घरी नागावला गेली. वडील, शरच्चंद्र, जाऊन बरीच वर्षं झाली होती. आई, पद्माताई, एकटी राहायची. दोन्ही बाजूंच्या वाड्यांमधून आता पर्यटकांच्या खोल्या उठल्या होत्या आणि तिन्हीसांजेला समुद्राच्या आधी त्यांची गाणी ऐकू येत. आईनं आंबोळ्या घातल्या. जेवता जेवता निवेदितानं ठासणीच्या बंदुकीचा आणि मिठागराचा विषय काढला.

"आजोबांची नव्हती का तशीच?" आई म्हणाली. "चिकूला वटवाघळं यायची म्हणून. दारू ठासताना तू डब्यातले छर्रे मोजत बसायचीस. बारीक छर्रे पाखरांचे, मोठी गोळी डुकराची. मोठीला तुला हात लावू देत नसत." मग ती आपल्याच तंद्रीत बोलत राहिली. "आणि मिठाचं म्हणशील तर तिकडूनच यायचं आपल्याकडे. रेवदंड्याला होडी लागायची. आगरी बायका टोपल्या घेऊन दारोदार. गुडघ्यापर्यंत लुगडी, केसांत अबोली. एक जण तर अशी गात यायची की तुझे आजोबा पोथी मिटून ओटीवर येऊन बसत. म्हणायचे मात्र, 'मीठ चांगलं आहे हो हिचं.'"

दोघी हसल्या. निवेदिताला बंदुकीच्या दारूचा तो वास लख्ख आठवला, आजोबांच्या सदऱ्याला येणारा. आणि त्याच्या पाठोपाठ प्रयोगशाळेतून आलेली छोटी पिशवी. रुग्णालयात पडलेल्या हसूशेठच्या खांद्यातून आणि मानेतून काढलेले छर्रे बारीक होते, पाखरांचे. चांगदेवसारख्या नेमबाजाला डुकराची गोळी आणि पाखरांचे छर्रे यांतला फरक सांगावा लागत नाही. मग मारायचंच नव्हतं की काय त्याला?

सोमवारी ती खारकोंडला गेली, एकटीच. चांगदेवची बायको जनी पडवीत जवळे निवडत होती. तिनं पाट दिला, पाणी दिलं.

"तो सभेतनं आला," जनी सांगू लागली. "तांब्याभर पानी पिला. शाल नीट टांगली. बंदूक घेतली तवा मी बोलली, डुकरा आली काय? तो बोलला, व्हय. मी परत जवला निवडाया बसली. मना काय ठावं?"

"सभेत असं काय झालं मावशी?"

"मी गेलीच न्हाय सभेला." तिचे हात थांबले. "त्या जागंवर मी जात न्हाय आता. तुमी सखुबायला इचारा."

सखुबाई म्हणजे बांधाच्या टोकाला राहणारी म्हातारी. तिनं निवेदिताचा हात धरला आणि तिला थेट स्मारकासमोर नेऊन उभं केलं. गोळीबारानंतर मंडप तसाच अर्धा सोडलेला होता. सिमेंटचा तरुण निळ्या लाटांत आडवा पडला होता, चेहरा हसूशेठचा, प्रचाराच्या फलकावरच्यासारखा.

"हिला काय बोलतात ठावं हाय?" सखुबाईनं पायानं जमीन दाखवली. "बायजाची खांड. खांड म्हंजे बांध फुटला ती जागा. हिथं बायजाचा दगड व्हता. लावणीच्या आधी आमी बाया त्याला हळद लावायचो. त्या ठेकेदारानं उचलला आन भरावात टाकला. कुनाला इचारला न्हाय, पुसला न्हाय."

"बायजा कोण?"

सखुबाईनं तिच्याकडे असं पाहिलं, की जणू ही कुठून आली. "चांग्याची बहीन. तीच पडली व्हती ना आडवी. हसूनं मंग उडी घेतली."

त्या दुपारी कोठडीत निवेदितानं खुर्ची घेतली नाही. ती चांगदेवसमोर खालीच बसली आणि एवढंच म्हणाली, "काका, बायजाताईंचं सांगा."

 त्यानं पंच्यानं डोळे पुसले आणि बोलू लागला.

बायजा त्याच्याहून दोन वर्षांनी मोठी. मिठागरावर फळी ओढण्यात तिचा हात पुरुषालाही हार जात नसे. हसूची आई लवकर गेली, तेव्हापासून तो यांच्याच घरात जेवायचा, यांच्याच पडवीत झोपायचा. शाळेत हुशार होता. त्याची पुस्तकं बायजा टोपलीत मिठावर ठेवून खाडीपार न्यायची, भिजू नयेत म्हणून. पुढे दोघांचं ठरलं. सुपारी फुटली. आश्विनातली कापणी झाली की लग्न करायचं होतं.

"भादव्यातली अवस व्हती. भात पोटरीला आलेला. भर दुपारी उधाण आला, वर वारा. उघाडीच्या, पानी सोडायच्या दाराच्या बाजूला बांध खचला आन पानी आत घुसाया लागला. चिखल टाकावा तर पानी नेतंय, पेंढा टाकावा तर पानी नेतंय. कायतरी आडवा पायजे व्हता. बाप्ये नुसते आरडत उभे. बायजा बोलली, 'सरा बाजूला,' आन गेली. पाठ पान्याला लावून पडली खांडीत. तिला पान्यानं उचलली तवा हसूनं उडी घेतली. त्यानं तिला दाबून धरली, दोघं एकमेकांना धरून. मी आन बाकीचे वरनं चिखल टाकीत व्हतो. तिच्या अंगावर, बाय. मी माज्या बहिनीच्या अंगावर चिखल टाकीत व्हतो आन ती आमाला शिव्या घालीत व्हती, हात चालवा रे मुडद्यांनो, बोलत व्हती."

बांध धरला. ओहोटी लागली तेव्हा दोघांना उपसून बाहेर काढलं. हसू दोन दिवसांत उठला. बायजाच्या छातीत पाणी गेलं होतं. ताप चढला. पेणला न्यायचं तर होडी हवी आणि होडीला भरती हवी.

"भरतीची वाट बघत बसलो आमी काठावर. तिला मांडीवर घेऊन. पानी आला, आन ती न्हाय राहिली." त्यानं पंच्याची घडी केली. "जो पानी तिनं अडवला, त्याचीच वाट बघायची येल आली."

"आणि हसूशेठ?"

"हसू वर्षभर येड्यागत फिरला. मंग शेराला गेला, शिकला, पुढारी झाला. मी कवा काय मागितला न्हाय त्याला. त्यानं भराव घातला मिठागरावर, मी बोललो, जाऊ दे, पोरांना काम मिलेल. गोष्टीतनं तिला काढली, मी बोललो, पुढारी हाय, जमत नसेल. पन दगड गेला तवा मी त्याच्याकडे गेलो. बोललो, बायजाचा नाव तरी घाल. तो हसला. बोलला, चांग्या, सिमेंट वाळला रे आता. तरी मी सभेला जाऊन बसलो. वाटला, बोलंल तरी. आन त्यानं माईक धरला आन काय बोलला? 'त्या दिवशी या बांधावर मी एकटा होतो.'"

कोठडीबाहेर शिपाई उभा होता, तोही खाली बघत होता.

निवेदिताला तो बारीक छर्र्यांचा मुद्दा आठवला. तिला त्याला वाट करून द्यायची होती. "काका, तुम्ही पाखरांचे छर्रे भरले होते. म्हणजे त्यांना जिवे मारायचं नव्हतं तुम्हाला, नुसतं घाबरवायचं होतं. असंच ना? नीट विचार करून सांगा. कायद्यात फार फरक पडतो याचा."

चांगदेवनं विचार केला. तिला काय म्हणायचंय ते त्याला पुरतं समजलं होतं.

"न्हाय बाय," तो म्हणाला. "मारायचाच व्हता. घरात तेवढेच छर्रे व्हते."

दुसऱ्या दिवशी ती पनवेलच्या रुग्णालयात गेली. हसूशेठ उशांना टेकून बसले होते, डावा खांदा बांधलेला, हनुवटीखाली टाके. दाराशी कार्यकर्त्यांची गर्दी. तिनं सगळ्यांना बाहेर काढायला लावलं.

"सापडला का सूत्रधार?" त्यांनी विचारलं. आवाज सभेतलाच होता, थोडा खोल गेलेला.

"बायजाताईंबद्दल विचारायला आलेय, साहेब."

हसूशेठनी डोळे मिटले. निवेदिताला वाटलं, आता वकिलाला बोलावतील. पण ते आगरी वळणावर आले, ज्यावर ते सभेत कधी येत नसत.

"किती वर्षांनी कुनाच्या तरी तोंडून ऐकला हा नाव," ते म्हणाले. मग त्यांचं बोलणं पुन्हा सभेतल्या वळणावर गेलं. "मॅडम, पहिल्या निवडणुकीला पेणच्या चौकात सभा होती. मी तिचं नाव घेतलं. 'बायजा' म्हणालो आणि पुढचा शब्दच फुटेना. माईक धरून उभा राहिलो नुसता. लोकांना वाटलं, गडी मतांसाठी रडतोय. मागून कुणीतरी शिट्टी मारली. ती शिट्टी अजून कानात आहे माझ्या. त्यानंतर मी तिचं नाव कुठल्या सभेत घेतलं नाही. घरातसुद्धा नाही. नाव गाळलं की गोष्ट कशी सरळ चालायची. दर वेळी टाळ्या पडायच्या. होता होता मलाच ती तशी आठवायला लागली. हल्ली स्वप्नात मी पाण्यात एकटाच असतो."

"चांगदेवकाका आले होते तेव्हा..."

"हसलो मी. काय बोलावं ते सुचलं नाही की हसतो, सवय आहे. नावच हसू ना." त्यांनी मान फिरवायचा प्रयत्न केला आणि वेदनेनं थांबले. "तो काय म्हणाला तुम्हाला? तिचा आवाज आठवतो का त्याला? मला तिचा चेहरा दिसतो, पाणी दिसतं, पण आवाज गेलाय. काही बोलत होती ती त्या वेळी. मी तर इतका जवळ होतो. काय बोलत होती ते आठवत नाही."

निवेदिताला ठाऊक होतं. पण ते आपण सांगण्यातलं नाही असं तिला वाटलं. "ते तुम्ही त्यांनाच विचारा," ती म्हणाली.

अधीक्षकांना तिनं अहवाल दिला. कट नाही. सूत्रधार नाही. राजकीय वैर नाही.

"मग मी वर काय सांगू? चाळीस-पंचेचाळीस वर्षांपूर्वी वारलेल्या मुलीसाठी विद्यमान आमदारावर गोळी झाडली?"

"हो सर."

साहेब कितीतरी वेळ पेनचं टोपण उघडत-मिटत राहिले. "विरोधी गटाचा संबंध नाही, हे तरी पक्कं?"

"पक्कं, सर."

"मग लिहा तसं," ते म्हणाले. "मात्र कलम खुनाच्या प्रयत्नाचंच राहील."

"राहू द्या. चांगदेवकाकांनाही तेच खरं वाटतं."

खटला अलिबागला उभा राहिला. चांगदेवनं गुन्हा कबूल केला होता, तरी न्यायालयानं साक्षी घेतल्या. हसूशेठ साक्षीला आले तेव्हा पत्रकारांनी दालन भरलं होतं. त्यांचा डावा हात आता पुरता उचलत नव्हता. सरकारी वकिलांनी घटनेची पार्श्वभूमी विचारली. सगळ्यांना वाटलं, बांधाच्या वाघाची गोष्ट येणार.

"त्या दिवशी बांधावर मी एकटा नव्हतो," हसूशेठ म्हणाले. "आधी बायजा पडली खांडीत. बायजा भोईर. माझी होणारी बायको." ते थांबले.  या वेळी कुणी शिट्टी मारली नाही. "मी नंतर उडी घेतली. तिचं हिरवं लुगडं पाण्यावर आलं, ते धरून..."

"हिरवा न्हाय," आरोपीच्या पिंजऱ्यातून आवाज आला. "तांबडा व्हता. आयेचा."

हसूशेठनी मान वळवली. गोळी लागल्यापासून दोघं पहिल्यांदाच एकमेकांकडे पाहत होते. "हिरवंच होतं चांग्या. चिखलानं तांबडं दिसत होतं."

"तू पान्यात व्हतास. तुला काय दिसतंय?"

"तुझ्यापेक्षा जवळ होतो मी!"

"जवळ व्हतास तर सांग, ती काय बोलत व्हती?"

हसूशेठनी उजव्या हातानं कठडा धरला.  "ते आठवत नाही रे," ते हळूच म्हणाले. "तू सांग."

सरकारी वकील हरकत घ्यायला उठले. न्यायाधीश बाईंनी त्यांना हातानंच बसायला सांगितलं.

"शिव्या देत व्हती," चांगदेव म्हणाला. "बोलत व्हती, हात चालवा रे मुडद्यांनो, भात बुडला तर माज्या लग्नाला काय माती वाढाल काय."

कुणीतरी खुदकन हसलं. मग हसूशेठ हसले, मोठ्यानं, टाके आठवून हनुवटी धरत, आणि हसता हसता त्यांचं रडं कधी सुरू झालं ते त्यांनाही कळलं नाही. पिंजऱ्यात चांगदेव पंचा तोंडाला लावून उभा होता. न्यायाधीश बाईंनी कामकाज थोडा वेळ थांबवलं.

निकाल लागला. वय, कबुली आणि जखमीनं स्वतः केलेली विनंती लक्षात घेऊनसुद्धा सक्तमजुरी चुकली नाही. चांगदेवनं ती डोकं हलवून ऐकली, बाजारात भाव ऐकावा तशी. हसूशेठना पुढच्या निवडणुकीला उमेदवारी मिळणार नाही, हे पक्षाच्या लोकांनी त्याच आठवड्यात पसरवलं. वाघाच्या गोष्टीत बाई निघाली, आता फलकावर काय छापायचं, म्हणत होते. स्मारकाचं काय करायचं यावर गावात अजून एकमत नाही.

चांगदेवला गाडीत बसवून कारागृहाकडे नेलं, तेव्हा निवेदिता न्यायालयाच्या पायऱ्यांवर होती. जनी खाली झाडाच्या पारावर बसली होती, पिशवी छातीशी धरून. परेशनं गाडी आणायला म्हणून धाव घेतली होती. हसूशेठ पायऱ्या उतरून तिच्यासमोर जाऊन उभे राहिले. अंगरक्षक चार पावलं मागे.

 मग जनीनं वर पाहिलं. "हात उचलत न्हाय काय?"

"थोडा उचलतो."

"तेल लावाया पायजे रोज. गरम करून." ती उठली, पदर खोचला. "जेवलास?"

त्यांनी मान हलवली.

"घरी चल. निवट्यांचा कालवण हाय. तो न्हाय म्हनून घर काय बंद न्हाय झाला."

"गाडी आहे माझी, वहिनी. चला."

"मी तुज्या गाडीत न्हाय बसायची," जनी म्हणाली. "मी यष्टीनं आली, यष्टीनंच जानार."

परेश गाडी घेऊन येईपर्यंत ती रस्ता ओलांडून स्थानकाच्या दिशेनं निघालीसुद्धा होती. हसूशेठ क्षणभर आपल्या पांढऱ्या गाडीकडे पाहत राहिले. मग तिच्या मागोमाग चालू लागले. निवेदिता पाहत होती. पेणची गाडी फलाटाला लागलेलीच होती. आत शिरताना वाहकानं त्यांना ओळखलं आणि उठून जागा द्यायला गेला, तर त्यांनी हातानं नको म्हटलं आणि जनीच्या शेजारी, खिडकीपाशी अंग चोरून बसले. बस हलली. मागून अंगरक्षकांची जीप, तिच्यामागून रिकामी पांढरी गाडी आणि सगळ्यांत शेवटी परेश, कुणाला ओलांडून पुढे जावं की नाही या पेचात, पोयनाडच्या रस्त्याला लागले.